छापले होते, सांगितले नव्हते

आमच्या ऑडिटच्या तासाला सर एक प्रश्न विचारतात. एका कंपनीवर मोठा दावा चालू आहे, हरली तर कंपनी बुडेल. ही गोष्ट कंपनीने वार्षिक अहवालात लिहिली आहे, पण अठ्ठ्याऐंशीव्या पानावर, बारीक अक्षरातल्या तेविसाव्या टिपेत. पहिल्या पानांवर अध्यक्षांचा हसरा फोटो आणि वाढत्या विक्रीचे आलेख. आता सांगा, कंपनी खोटे बोलली का?

वर्गात दोन तट पडतात. मी पहिल्या तटात होते: लिहिले आहे ना, मग झाले, ज्याला पैसे गुंतवायचे आहेत त्याने डोळे उघडे ठेवून वाचावे. सर एवढेच म्हणाले, "ऑडिटर नुसते 'खरे' असे लिहीत नाही, 'खरे आणि रास्त' असे लिहितो. हा दुसरा शब्द कशाला ठेवला असेल, घरी विचार करून या." मी अर्थातच केला नाही. परीक्षेत त्यावर पाच गुणांची टीप येते, ती पाठ केली आणि पुढे गेले.

तो शब्द पुन्हा समोर आला तो आपल्या अनुवादाच्या कामात. सत्य या विषयावरचा एक इंग्रजी लेख माझ्या वाट्याला आला होता. त्यात ओघात एक वाक्य होते: दुसऱ्या महायुद्धात ज्यूंचा संहार चालू असताना अमेरिकेतल्या मोठ्या वृत्तपत्रांनी ती बातमी 'पुरून टाकली'. मराठीत आपण म्हणतो तसे मी लिहिले, 'बातमी दाबली'. माझे अनुवाद तपासणाऱ्या ताईंनी समासात लिहून पाठवले: "दाबली म्हणजे छापलीच नाही. खरेच छापली नव्हती का? पाहून घे."

मी पाहिले. वाचकहो, छापली होती. हा लेख त्या पाहण्यातून आला आहे.

लॉरेल लेफ या प्राध्यापिकेने 'न्यूयॉर्क टाइम्स'चे युद्धकाळातले अंक एकेक करून तपासले. सप्टेंबर 1939 ते मे 1945 या काळात युरोपातल्या ज्यूंवर काय गुदरते आहे याविषयी त्या वृत्तपत्रात 1,186 बातम्या आल्या. महिन्याला सरासरी 17, म्हणजे दोन दिवसांत एकीहून अधिक. कोणीही म्हणेल की हे काही कमी नाही. आता दुसरा आकडा. याच काळात पहिल्या पानावर सुमारे 24,000 बातम्या आल्या आणि त्यातल्या या विषयाच्या फक्त 26. हजारात एक. त्या 26 पैकीही मुख्य बळी ज्यू आहेत असे पहिल्या पानावरच स्पष्ट कळेल अशा फक्त 6. बाकीच्यांत 'निर्वासित', 'छळ झालेले अल्पसंख्य' असे शब्द. या विषयाची बातमी त्या दिवसाची सर्वांत मोठी बातमी म्हणून एकदाही आली नाही. युरोपातले सुमारे 60 लाख ज्यू मारले गेले आणि दिवसाची मुख्य बातमी म्हणून एकदाही नाही.

एक दिवस उदाहरणादाखल घेऊ. ऑगस्ट 1942 मध्ये जिनिव्हाहून ज्यू संघटनेच्या गेरहार्ट रीग्नर यांनी अमेरिकी वाणिज्य दूतावासामार्फत तार पाठवली, की जर्मनीच्या ताब्यातल्या सगळ्या ज्यूंना मारून टाकण्याची योजना आखली जात आहे. ती न्यूयॉर्कच्या रब्बी स्टीफन वाइज यांना लंडनच्या वाटेने उशिरा मिळाली. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने त्यांना सांगितले, खात्री होईपर्यंत गप्प राहा. खात्री व्हायला नोव्हेंबर उजाडला. 24 नोव्हेंबरला वाइज यांनी पत्रकारांना बोलावून सांगितले. आता अफवेचा प्रश्नच उरला नव्हता, खुद्द सरकारने दुजोरा दिला होता. दुसऱ्या दिवशी 'न्यूयॉर्क टाइम्स'ने ही बातमी छापली. दहाव्या पानावर.

आणि बातम्या पोचत नव्हत्या असेही नाही. नोव्हेंबर 1938 मध्ये जर्मनीत एका रात्रीत शेकडो प्रार्थनास्थळे जाळली गेली, तेव्हा अमेरिकेतल्या वृत्तपत्रांची पहिली पाने त्याने भरली होती. ती बातमी वर्ध्याजवळच्या सेगावपर्यंतही पोचली. दोनच आठवड्यांत गांधीजींनी तिथून 'हरिजन'साठी ज्यूंच्या छळावर लेख लिहिला. त्या लेखातल्या अहिंसक प्रतिकाराच्या सल्ल्यावर तत्त्वज्ञ मार्टिन बुबर यांनी जेरुसलेमहून सविस्तर उत्तर लिहिले. तो वाद मोठा आहे आणि माझ्या कुवतीबाहेरचा. मला इथे एवढेच दाखवायचे आहे, की जळालेल्या इमारतींची बातमी विदर्भातल्या एका खेड्यापर्यंत गेली, आणि चार वर्षांनी माणसांच्या संहाराची बातमी दहाव्या पानावर थांबली.

असे का झाले? 'ते लोक वाईट होते' असे म्हणून मोकळे होणे सोपे आहे. मीही सुरुवातीला तसेच ठरवले होते. पण ते संपादक वाईट नव्हते, म्हणून तर हा प्रश्न आपल्यापर्यंत येतो.

पहिले कारण म्हणजे आधीचे खोटे. पहिल्या महायुद्धात ब्रिटनच्या बाजूने जर्मनांविषयी भयंकर कहाण्या पसरवल्या गेल्या होत्या. बेल्जियममध्ये जर्मन सैनिक बालकांचे हात तोडतात, मेलेल्या सैनिकांच्या प्रेतांपासून चरबी काढायचे कारखाने त्यांनी काढले आहेत, अशा. युद्ध संपल्यावर त्या खोट्या ठरल्या. प्रेतांच्या कारखान्याचे तर 1925 साली ब्रिटिश परराष्ट्रमंत्र्यांनी संसदेतच सांगून टाकले, की त्यात तथ्य नाही. त्या पिढीचे तरुण बातमीदार 1942 साली संपादक झाले होते. एकदा फसलो, आता फसणार नाही, असे त्यांनी मनाशी ठरवले होते. 'लांडगा आला रे'ची गोष्ट आपल्याला खोटे बोलू नये म्हणून सांगतात. पण त्या गोष्टीत मुलाची मेंढरे जातात, म्हणजे खोटे बोलणाऱ्याचेच नुकसान होते. इथे खोटे बोलले एक, आणि मेंढरे गेली भलत्याच कोणाची तरी.

एका बातमीदाराची हकीकत मला विसरता येत नाही. डब्ल्यू. एच. लॉरेन्स हा 'टाइम्स'चा मॉस्कोतला प्रतिनिधी. 1943 च्या शेवटी सोव्हिएत अधिकाऱ्यांनी काही पत्रकारांना कीव्हजवळच्या बाबी यार या घळीत नेले. तिथे सप्टेंबर 1941 मध्ये दोन दिवसांत 33,771 ज्यूंना गोळ्या घातल्या होत्या, हा आकडा मारणाऱ्यांनीच आपल्या अहवालात नोंदवलेला आहे. जाताना जर्मनांनी प्रेते उकरून जाळली होती. त्यामुळे पाहायला उरले होते ते फारच थोडे. लॉरेन्सने लिहिले, की जे सांगितले जाते ते खरे की खोटे हे इथे पाहून ठरवता येत नाही. ऑगस्ट 1944 मध्ये तोच माणूस पोलंडमधल्या मायदानेकच्या छावणीत गेला. तिथे विषारी वायूच्या खोल्या उभ्या होत्या, भट्ट्या उभ्या होत्या, आणि एका गोदामात मेलेल्यांच्या बुटांचे ढीग होते. या वेळी त्याने लिहिले, की जर्मनांच्या क्रौर्याची कोणतीही गोष्ट, कितीही अघोरी असली, तरी आता मी मानायला तयार आहे. ती बातमी पहिल्या पानावर आली. पण तिथेही बळी म्हणजे वीस-बावीस राष्ट्रांची माणसे, त्यांतले एक ज्यू. त्याच छावणीवर अलेक्झांडर वर्थ या पत्रकाराने पाठवलेला वृत्तान्त बीबीसीने वापरला नाही. त्यांना वाटले, हा रशियाचा प्रचार असावा.

अविश्वासाला आपण सावधपणा म्हणतो, आणि कधीकधी तो सावधपणा असतोही. पण न्यायमूर्ती फेलिक्स फ्रँकफर्टर यांची गोष्ट पाहा. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश, स्वतः ज्यू. 1943 च्या उन्हाळ्यात यान कार्स्की हा पोलंडचा गुप्त दूत त्यांना भेटला. वॉर्साच्या घेट्टोत चोरून शिरून त्याने डोळ्यांनी पाहिलेले सगळे सांगितले. ऐकून झाल्यावर न्यायमूर्ती म्हणाले, मी यावर विश्वास ठेवू शकत नाही. पोलंडचे राजदूत चिडले, तेव्हा त्यांनी खुलासा केला, की हा तरुण खोटे बोलतो असे मी म्हणत नाही, माझ्याच्याने विश्वास ठेवला जात नाही असे म्हणतो. साऱ्या आयुष्यात साक्षी-पुरावे तोललेल्या माणसाची ही कथा. ऐकलेले कळणे आणि कळलेले मनात उतरणे यांतले अंतर आपण स्वाध्यायात नेहमी ऐकतो. ते अंतर एवढे मोठे असू शकते हे मला माहीत नव्हते.

आता मी ज्या कारणापाशी सर्वांत जास्त अडखळले त्याकडे येते. तुम्हीही इथे जरा थांबावे अशी विनंती आहे, कारण हे कारण आपल्यासारख्यांच्या फार जवळचे आहे.

'न्यूयॉर्क टाइम्स'चे प्रकाशक आर्थर हेज सल्झबर्गर स्वतः ज्यू होते. त्यांची श्रद्धा अशी, की ज्यू हा एक धर्म आहे, वंश नव्हे, वेगळे राष्ट्र तर नव्हेच. माणूस आधी माणूस, मग आपल्या देशाचा नागरिक, आणि उपासना ही त्याची खाजगी बाब. म्हणून संकटात सापडलेल्या ज्यूंकडे 'ज्यू' म्हणून वेगळे बोट दाखवू नये, त्यांना निर्वासित म्हणावे, पोलिश म्हणावे, माणूस म्हणावे. शिवाय आपल्या वृत्तपत्राला कोणी 'ज्यूंचे वृत्तपत्र' म्हणू नये ही भीतीही होतीच. ती बाजूला ठेवली, तरी जी श्रद्धा उरते ती कोणती आहे? आपण सत्संगात जे म्हणतो तीच. सगळे एक आहेत, भेद वरवरचे आहेत, नावाच्या आणि जातीच्या पाट्यांपलीकडे पाहा.

हे वाचून मी लॅपटॉप मिटून बसले. कारण त्या श्रद्धेत मला चूक सापडेना, आणि तिच्यातून जे घडले ते तर उघड चुकीचे होते.

बरेच दिवस विचार करून मला जे सुचले ते असे. बरोबर वाटते का ते तुम्ही पाहा. भेद मानू नये हा माझ्या मनाला घातलेला नियम आहे. मारणारा तो नियम पाळत नाही. तो घराघरात जाऊन, कागदपत्रे तपासून, आजी-आजोबा कोण होते ते पाहून एकेकाला वेगळा काढतो आहे. अशा वेळी मी 'काही माणसे मारली गेली' असे म्हटले, तर माझे वाक्य उदात्त होते, पण ज्याला निवडून मारले त्याचे निवडले जाणे त्यातून पुसले जाते. मारणाऱ्याने त्याचा जीव घेतला आणि मी त्याच्या मरणाचे कारण खोडले. दवाखान्यात सगळ्या रोग्यांना समान लेखावे हे खरे, पण म्हणून डॉक्टर केसपेपरवर 'मनुष्य आजारी आहे' एवढेच लिहीत नाही. ऐक्य ही आपली दृष्टी आहे. ती वस्तुस्थितीच्या नोंदीवर पांघरूण म्हणून वापरायची नसते. आपणही हे करतो, वाचकहो. गावात एखाद्याला त्याच्या जातीमुळे मारहाण झाली, की आपण हळहळून म्हणतो, 'माणूस माणसाशी असा कसा वागतो?' मला आता त्या वाक्याची भीती वाटते.

युधिष्ठिराची कथा आपण लहानपणापासून ऐकतो. द्रोणांना थांबवायचे होते. अश्वत्थामा नावाचा हत्ती मारला गेला होता. धर्मराजाने 'अश्वत्थामा मेला' हे मोठ्याने सांगितले आणि 'माणूस की हत्ती' हे हळू आवाजात. त्याचा शब्द न् शब्द खरा होता. तरीही जमिनीपासून चार बोटे वर चालणारा त्याचा रथ खाली टेकला. 'नरो वा कुंजरो वा' ही म्हण मराठीत आपण टाळाटाळ करणाऱ्याला वापरतो, आणि मला वाटते तिथे आपण कथेतला बारकावा गमावतो. युधिष्ठिराचा दोष न सांगण्याचा नव्हता. सगळे सांगूनही कोणते शब्द कानापर्यंत पोचतील हे त्याने आधीच ठरवून ठेवले होते, हा होता. दहावे पान म्हणजे तोच हळू आवाज. आणि ऑडिटरच्या 'रास्त' या शब्दाचे कोडे मला तिथे सुटले. खऱ्याला त्याच्या वजनाइतकी जागा मिळाली नाही, तर प्रत्येक ओळ अचूक असूनही एकूण हिशेब खोटा ठरतो.

कोणी म्हणेल, पहिल्या पानावर छापून काय झाले असते? सैन्य तर आधीच लढत होते. हा प्रश्न प्रामाणिक आहे. सगळे वाचले असते असे कोणीच म्हणू शकत नाही. पण काही वाचले असते, आणि हे म्हणायला आधार आहे. 17 डिसेंबर 1942 रोजी मित्रराष्ट्रांनी संहाराचा निषेध करणारे संयुक्त निवेदन काढले. लंडनच्या संसदेत ते वाचले गेले, तेव्हा सभासद उभे राहून स्तब्ध झाले. ती बातमी मात्र 'टाइम्स'च्या पहिल्या पानावर आली, आणि मग पुन्हा शांतता. ही शांतता मोडण्यासाठी काही तळमळीच्या माणसांनी काय केले पाहा. त्यांनी त्याच वृत्तपत्रात पानभर जाहिराती दिल्या. फेब्रुवारी 1943 मधल्या एका जाहिरातीचा मथळा असा होता, की 70,000 ज्यू विकणे आहेत, किंमत प्रत्येकी 50 डॉलर. रुमानियाच्या सरकारने ज्यूंना सोडायची तयारी दाखवल्याची बातमी होती, तिच्यावर ही जाहिरात बेतलेली होती. वाणिज्य शाखेची विद्यार्थिनी म्हणून मला हे फार लागले. बातमी म्हणून जी जागा मिळाली नाही, ती दर भरून विकत घ्यावी लागली. पण अशा खटपटींतून आणि सरकारातल्याच काही अधिकाऱ्यांच्या आग्रहातून दडपण वाढत गेले, आणि जानेवारी 1944 मध्ये अमेरिकेने युद्धनिर्वासितांसाठी खास मंडळ नेमले. त्या मंडळाच्या मदतीने हजारो जीव वाचले. बुडापेस्टमध्ये राऊल वॉलेनबर्ग यांनी केलेल्या कामामागेही ते मंडळ होते. म्हणजे लोकांच्या कानावर मोठ्याने पडले की काही हलत होते.

दोष वृत्तपत्रांचाच होता का? वाचकांचे काय? दहावे पान तर प्रत्येकाच्या घरी येतच होते. याचे उत्तर मी दुसऱ्या कोणाकडून आणू शकत नाही, माझ्याकडचेच देते. मागच्या वर्षी आमच्या वर्गाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एका मुलाचा मेसेज आला, की परीक्षेची फी भरायची मुदत उद्या संपते, माझी सोय झाली नाही, कोणी काही करू शकेल का. वर असाइनमेंटची चौकशी, खाली कोणाच्या तरी वाढदिवसाचा केक. आम्ही साठ जणांनी तो वाचला. दहा-वीस रुपये काढले असते तरी भागले असते. मी वाचून पुढे सरकवला, आणि तेव्हा मनात काय आले ते मला स्पष्ट आठवते: एवढे गंभीर असते तर कोणीतरी काहीतरी म्हटले असते. त्याचे वर्ष गेले. मी याची बरोबरी त्या संहाराशी करत नाही, ती करणेच चूक होईल. पण दहावे पान उलटणाऱ्या वाचकाच्या मनात काय चालत असेल हे मला त्या दिवसापासून ठाऊक आहे. बातमी छोटी आहे, म्हणजे गोष्ट छोटी असणार. जानेवारी 1943 मध्ये अमेरिकेत पाहणी झाली, 20 लाख ज्यू मारले गेले हे खरे वाटते का? सरकारी निवेदन नुकतेच प्रसिद्ध झाले होते, तरी 'खरे' म्हणणारे निम्म्याहून कमी निघाले. त्यांना दोष देण्याआधी त्यांच्या हातातल्या पानाचा क्रमांक पाहावा, आणि पानावर दोष टाकण्याआधी ते उलटणारा अंगठा.

'टाइम्स'ने आपली चूक लपवली नाही, हेही सांगायला हवे. 2001 साली त्यांच्या 150 व्या वर्षाच्या विशेष अंकात त्यांचेच माजी कार्यकारी संपादक मॅक्स फ्रँकेल यांनी ही चूक खुलेपणाने मांडली. फ्रँकेल लहानपणी नाझी जर्मनीतून जीव वाचवून आलेले. स्वतःच्या घरच्या वह्या स्वतः तपासून तोटा लिहिणे सोपे नसते.

शेवटी वॉर्साकडे येते, कारण ज्यांच्याविषयी हे सगळे चालले होते त्यांना आपण इतका वेळ आकड्यांतच पाहिले. घेट्टोच्या आत इमॅन्युएल रिंगेलब्लुम नावाचे एक इतिहासकार होते. त्यांनी सुमारे साठ जणांना गुपचूप जमवले. ते शनिवारी भेटत, म्हणून गटाचे नाव 'ओनेग शब्बात', म्हणजे शब्बाथचा आनंद. (आपल्या कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या बेने इस्राएलींना शनिवारी घाणा बंद ठेवतात म्हणून 'शनवार तेली' नाव पडले, तोच हा शनिवार.) ते सगळे टिपून ठेवत: पावाचे भाव, रेशनची कार्डे, शाळेतल्या मुलांचे निबंध, मरणाऱ्यांच्या नोंदी. खेल्मनोच्या छावणीत लोकांना गाडीतल्या वायूने मारतात हे तिथून पळालेल्या एका माणसाकडून त्यांना कळले, आणि अशी माहिती पोलंडच्या भूमिगतांमार्फत लंडनला गेली. मे 1942 मध्ये ज्यू समाजवादी पक्षाचा अहवालही पोचला. त्यावरून 25 जून रोजी लंडनच्या 'डेली टेलिग्राफ'ने छापले, पोलंडमध्ये 7 लाख ज्यू मारले गेले. पाचव्या पानावर. दुसऱ्या दिवशी बीबीसीवरचे या विषयाचे प्रसारण घेट्टोत चोरून ऐकले गेले. रिंगेलब्लुम यांनी त्या दिवशी आपल्या वहीत लिहिलेली नोंद आनंदाची आहे. आपल्या गटासाठी हा मोठा दिवस आहे, आपण जगाला सावध केले, आता आपण मेलो तरी काम झाले, अशा अर्थाची.

22 जुलैला वॉर्साहून त्रेब्लिंकाकडे गाड्या सुटू लागल्या. दोन महिन्यांत अडीच लाखांहून अधिक माणसे गेली. लंडनमध्ये हा अहवाल घेऊन दारोदार फिरणारे श्मुल झिगेलबॉइम यांनी, घेट्टोतला उठाव चिरडला जात असताना, मे 1943 मध्ये आत्महत्या केली. जग पाहत राहिले याचा निषेध म्हणून हे करतो, असे पत्र त्यांनी मागे ठेवले. रिंगेलब्लुम मार्च 1944 मध्ये बायको आणि मुलासह मारले गेले.

त्यांच्या गटातले तिघेच युद्धातून वाचले. कागद कुठे पुरले आहेत हे त्यांच्यातल्या एकाला ठाऊक होते. 1946 मध्ये ढिगाऱ्याखालून दहा पत्र्याच्या पेट्या निघाल्या आणि 1950 मध्ये दुधाचे दोन कॅन. तिसरा साठा अजून सापडलेला नाही.

मी ताईंना अनुवाद दुरुस्त करून पाठवला. 'दाबली' खोडून 'आतल्या पानांत पुरली' असे केले.